चौथं कडवं

१६ जून २०२५, सोमवार. मांडवी

सकाळी दीपकचा फोन आला. एकोणीस वर्षं मी टीव्हीवर ‘सूरसकाळ’ केलं, त्यातली शेवटची सहा वर्षं तो माझ्या हाताखाली होता. पाहुण्यांची माहिती काढायचा, माझे प्रश्न कार्डांवर लिहायचा. आता तो एका नव्या संगीतवाहिनीचा कार्यक्रमप्रमुख आहे. जानेवारीत माझी वेळ सव्वीस वर्षांच्या एका मुलीला दिली गेली, त्यानंतर मुंबईतून आलेला हा पहिला कामाचा फोन.

कोकणातल्या लोकगायकांच्या मुलाखती, तेरा भाग. आधी एक नमुन्याचा भाग बावीस मिनिटांचा, पाच जुलैच्या आत. तो पसंत पडला तर करार. “ताई, तुमचं नाव मी मांडलंय, वरच्यांना ते जुनं वाटतं. एक भाग असा द्या की त्यांची तोंडं बंद होतील.”

आईला सांगितलं. ती म्हणाली, “म्हणजे परत पहाटे उठून तोंड रंगवणार?” मग थोड्या वेळाने पोळ्या लाटताना म्हणाली, “कर हो. घरात बसून तू माझी मुलाखत घेतेस, त्यापेक्षा बरं.”

एकोणपन्नासाव्या वर्षी नमुना दाखवायचा. लाज वाटली नाही, हे लिहून ठेवते. भीती वाटली.

२१ जून, शनिवार

विषय आपण होऊन चालत आला. अजिंक्य गोताड नावाच्या माणसाचा फोन होता. लोट्याला केमिकल कंपनीत पाळीवर काम करतो, गाव संगमेश्वरच्या आत. कुणाकडून तरी त्याला कळलं होतं की मी गायक शोधते आहे. त्याचे चुलते केरू गोताड, वय एकाहत्तर, जाखडीचे शाहीर. घशाला कॅन्सर आहे. बारा जुलैला मुंबईत ऑपरेशन, स्वरयंत्र काढणार. त्याआधी त्यांना एकदा कॅमेऱ्यासमोर गायचंय.

“तात्या कधी कुणाकडं काय मागत नायत, मॅडम. हे मागतायत.”

दीपकला जाखडी समजावून सांगावी लागली. गौरी-गणपतीत अंगणात रिंगण धरून नाचतात, एका पायात चाळ, मध्ये शाहीर आणि ढोलकी. शक्तीवाले आणि तुरेवाले असे दोन पक्ष, एकानं गाण्यातून सवाल टाकायचा, दुसऱ्यानं गाण्यातूनच उत्तर द्यायचं. या गाण्याला कवन म्हणतात. हे सगळं तो ‘हं, हं’ करत ऐकत होता. ऑपरेशनचं सांगितल्यावर म्हणाला, “म्हणजे शेवटचं गाणं. ताई, हाच भाग.”

मलाही नेमकं तेच वाटलं होतं. मी ते आधी बोलले नव्हते इतकंच.

२८ जून, शनिवार

चित्रीकरण झालं. रितेशला घेऊन सकाळी सातला निघाले. रितेशचा मारुती मंदिरापाशी स्टुडिओ आहे. वीस वर्षं लग्नं टिपतोय, संकलनही तोच करतो. माणूस कमी बोलतो. संगमेश्वरपासून आत अकरा किलोमीटर, शेवटचा चढ पायी.

शाहीर पडवीत वाट पाहत बसलेले, डोक्याला फेटा, अंगात इस्त्रीचा सदरा. आवाज फाटला आहे पण सूर सुटलेला नाही. फाटक्या आवाजाचं आपलं एक वजन असतं. कॅमेऱ्यावर फार चांगलं उतरेल.

त्यांची बायको काशीबाई चहा ठेवून आत गेली ती गेलीच. शाहिरांना लिहिता-वाचता येत नाही. ती चौथी शिकलेली, तिनं ती सगळी कवनं वह्यांत उतरवून ठेवलीत. सतरा वह्या. पानं उलटतानाचा एक तुकडा घेतला, छान आलाय. अक्षर घोटीव आहे.

कवनांचं मला खरोखर नवल वाटलं. पाण्याला गेलेल्या राधेची एक गौळण आहे:

उतरली घागर डोईवरची, मान हलकी होईना,
पाण्यासंगं आणलेलं ते कुणा सांगता येईना.

घागर उतरल्यावरही मान जड राहते, हे पुरुषाला कसं ठाऊक? तेच विचारलं. शाहिरांनी आतल्या दाराकडे पाहिलं, हसले, आणि म्हणाले, “ता माझा नाय...” आणि अडखळले. पाहुणा अडखळला की त्याच्या हातात शब्द ठेवायचा, हे मी एकोणीस वर्षं करत आले. म्हटलं, “तुमचं नाही, देवाचं देणं आहे, असंच ना?” ते क्षणभर माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, “तसा म्हणा.” प्रोमोला हा तुकडा चालेल.

मग मुख्य कवन. ढोलकी वाजवणारा अजिंक्य पाळीवर गेलेला, म्हणून ढोलकी शाहिरांनीच मांडीवर घेतली. चार कडवी. तिसऱ्यात एक शब्द विसरले तेव्हा आतून काशीबाईंनी पुरवला. ऐकून ऐकून बायकोला पाठ झालंय. रितेशला तो आवाज पुसावा लागेल. चौथं कडवं सुरू झालं आणि काशीबाई दारात येऊन उभ्या राहिल्या, चौकटीला धरून, अर्ध्या चित्रात. मी हातानं आत जा म्हणून खूण केली. त्या लगेच गेल्या. समजूतदार बाई आहे. तोवर माझं लक्ष पुढच्या प्रश्नावर गेलं होतं.

निघताना शाहिरांनी माझा हात धरला. “सगळा दावा हां, बाय. मधीच तोडू नका.”

सगळेच म्हणतात. मी सगळ्यांना सांगते तेच सांगितलं, काळजी करू नका, सगळं नीट येईल.

३ जुलै, गुरुवार

दोन दिवस रितेशच्या स्टुडिओत. भाग तेवीस मिनिटं दहा सेकंदांवर अडला. सत्तर सेकंद काढायचे होते.

रितेश म्हणाला, तुमचा पहिला प्रश्नच पासष्ट सेकंदांचा आहे. मी म्हटलं, तो प्रश्न नाही, ती ओळख आहे, दीपकच्या वरच्यांना बघायचंय ते मीच आहे. वाईट वाटलं तर वाटू दे, पण ते खरं आहे. हा भाग शाहिरांचा आहे तसा माझाही नमुना आहे.

शेवटी चौथं कडवं काढलं. या लोकांची रीत असते, शेवटच्या कडव्यात नावं घ्यायची, आधी वस्तादाचं, मग गावाचं, मग शाहिराचं. मुंबईच्या प्रेक्षकाला त्याचं काय? शिवाय त्याची पहिली ओळ ऐकली तर पुन्हा तेच देवाचं देणं, चालीत नीट बसत नव्हती, बाकीच्या तीन कडव्यांच्या तोडीची तर मुळीच नव्हती. म्हातारा दमला होता. तिसऱ्या कडव्याच्या शेवटी ढोलकीची थाप पडते, तिथे तोडलं आणि चित्र काळं केलं. अंगावर काटा येतो.

रितेशनं विचारलं, “शेवटपर्यंत ऐकलंत का?”

“नावं असतात ती,” म्हटलं.

त्यानं कळ दाबली. बावीस मिनिटं शून्य सेकंद. दुसऱ्या कुणाला जमलं नसतं.

६ जुलै, रविवार

परवा भाग पाठवला. आज रितेशनं फोन करून विचारलं, गणपतीपुळ्याच्या एका रिसॉर्टची जाहिरात करायला निघालोय, कॅमेऱ्याची कार्डं मोकळी हवीत, तुमचं मूळ चित्रण ठेवू का? म्हटलं, भाग एकदा पुरा झाला की झाला, उडव. वाहिनीत आमची पद्धतच होती. नाहीतर माणूस जन्मभर तेच तेच कापत बसतो.

आईला भाग दाखवला. बघून झाल्यावर म्हणाली, “चांगला आहे. पण तो काहीतरी सांगत होता आणि तू मध्येच बोललीस.”

“कुठे?”

“कुठे काय, सगळीकडे.”

आई मालिका बघते. तिला मुलाखतीचं तंत्र कळायचं नाही.

१८ जुलै, शुक्रवार

पसंत पडला. वरच्यांपैकी एक जण रडला म्हणे. तेरा भागांचा करार तयार होतोय. पहिला भाग सहा सप्टेंबरला, अनंत चतुर्दशीच्या संध्याकाळी दाखवणार, त्याआधी ऑगस्टमध्ये मोबाइलवर सोडणार.

अजिंक्यला कळवलं. ऑपरेशन झालंय, तात्या ठीक आहेत, गळ्याला भोक ठेवलंय, तिथूनच श्वास घेतात. आवाज आता येणार नाही. मी म्हटलं, पण तो आपल्याकडे कायमचा राहिलाय. हे वाक्य त्याला म्हणाले तेव्हा मला मनापासून चांगलं वाटलं होतं.

१० ऑगस्ट, रविवार

भाग मोबाइलवर येऊन नऊ दिवस झाले. लोक भरभरून लिहितायत. माझ्याबद्दलही लिहितायत. बऱ्याच दिवसांनी झोप लागतेय.

पण अजिंक्यचा फोन येईना, म्हणून मीच केला. तो म्हणाला, तात्यांना घरी आणल्यावर त्यानं मोबाइलवर भाग दाखवला. संपल्यावर त्यांनी बोटानं पुन्हा लाव सांगितलं. पुन्हा संपल्यावर भिंतीकडे तोंड करून निजले. त्या दिवसापासून मोबाइल समोर धरला की हातानं बाजूला ढकलतात.

मला वाटलं, स्वतःचा गेलेला आवाज ऐकवत नसेल. आज गाडी काढून गेले. शाहीर पडवीत बसलेले, गळ्याला पांढरा पट्टा. मला बघून उठले नाहीत. मी बरंच बोलले. किती लोकांनी पाहिलं, परदेशातून कुणी काय लिहिलं. त्यांनी हात वर करून मला थांबवलं, चार बोटं दाखवली, आणि मग करंगळी मिटून तीन.

कळायला मला वेळ लागला, हे लाज धरून लिहिते. चार कडवी गायलो, तीनच दाखवलीत.

चूक झाली म्हटलं. वेळेचं गणित सांगितलं. टीव्हीवर येईल तेव्हा चौथं कडवं असेल, माझा शब्द, म्हटलं. काशीबाई आतल्या दारात होत्या.

येताना वाटेत आठवलं, कार्डं.

११ ऑगस्ट, सोमवार

रितेशनं सगळीकडे पाहिलं. संगणकावर फक्त बावीस मिनिटांचा तयार भाग आहे. कार्डांवर त्यानंतर तीन कामं झाली. पुसलेलं परत आणणारं एक सॉफ्टवेअर असतं, ते लावून बघितलं. रिसॉर्टचा पोहण्याचा तलाव परत आला.

मी म्हटलं, जाऊ दे, नावांचं कडवं होतं, अजिंक्यकडून गाऊन घेऊ. रितेश खुर्ची वळवून माझ्याकडे बघायला लागला.

“मॅडम, त्यात त्यांनी बायकोचं नाव घेतलं होतं.”

“म्हणजे?”

“हेडफोन माझ्या कानाला होते. सगळं आठवत नाही. पण ही कवनं माझी नाहीत, काशीची आहेत, असं होतं ते. मला वाटलं तुम्हाला माहीत आहे. तुम्ही म्हणालात, नावं असतात ती.”

मी त्याला विचारलं, मला सांगितलं का नाहीस. तो म्हणाला, विचारलं होतं, ऐकलंत का म्हणून.

घरी येऊन तो भाग पुन्हा पाहिला. ‘ता माझा नाय.’ आणि माझा आवाज, गोड, तयार, त्याच्या पुढच्या शब्दाच्या अगदी आधी.

१७ ऑगस्ट, रविवार

काशीबाईंकडे गेले. शाहीर आत निजले होते. त्या मागच्या पडवीत पोहे पाखडत होत्या. सुपापाशी बसूनच सगळं सांगितलं, कार्डांसकट.

सूप थांबलं नाही. लग्न झालं त्या वर्षी वस्ताद गेले, म्हणाल्या. गळा चांगला म्हणून नाचाच्या मंडळानं ह्यांना शाहीर केलान. गळा होता, पण शब्द जुळेनात. रोज संध्याकाळी तोंड पाडून घरी यायचे. एक दिवस भात कांडता कांडता मी दोन ओळी म्हटल्या, ह्यांनी त्या रात्रभर घोकल्या. मग झालंच सुरू. शेवटच्या कडव्यात वस्तादांचं नाव मीच घालायची आणि ह्यांचंही मीच.

“कुणी विचारलं नाही?”

“कशाला विचारतील? हे सांगतात नि मी लिवते, असाच सगळ्यांना ठावं. मी खोटा बोलले नाय, बाय. कुणी विचारलाच नाय.”

ऑपरेशनची तारीख ठरल्यावर शाहिरांनी हट्ट धरला की आपल्या तोंडानं सांगायचं. तीन आठवडे गोठ्यात बसून त्यांनी ते चौथं कडवं बांधलं. तिला ऐकवलं नाही. “जन्मात त्यांनी बांधलेला तेवढाच. बेताचाच होता.” एवढं म्हणून त्या पहिल्यांदा हसल्या.

पहिल्या दोन ओळी त्यांना येतात:

चाळीस वरसं गायलो मी, सबूद नव्हता माझा,
चुलीपाशी बसून कुणी भरलान माझा बाजा.

“आणि पुढे?”

“पुढचा ऐकला नाय. तुमी हात केलात, मी पार मागच्या पडवीत गेले.”

त्यांनी हे रागानं म्हटलं नाही. मला रागच बरा वाटला असता.

शाहिरांना लिहिता येत नाही. ओठ हलवतात, पण घरात कुणाला नीट कळत नाही, आणि त्या कडव्याचं विचारलं की आता तेही हलवत नाहीत. मी काशीबाईंना म्हटलं, तुम्ही कॅमेऱ्यासमोर सांगा, मी पुढच्याच आठवड्यात येते. त्यांनी सूप खाली ठेवलं.

“माझ्या तोंडानं? नवऱ्याचा गळा गेला नि हिला वाचा फुटली, असं म्हणतील लोक. ता त्यांच्याच तोंडून यायला हवा होता.”

२२ ऑगस्ट, शुक्रवार

दीपकशी तासभर बोलले. भागाच्या सुरुवातीला मला चाळीस सेकंद हवेत म्हणाले. मी सांगेन, ही कवनं काशीबाई गोताड यांची आहेत, शाहिरांनी ते स्वतः सांगितलं होतं, आणि ते मी कापलं.

त्यानं ते लिहून घेतलं. मग म्हणाला, पहिल्याच भागात सूत्रसंचालिका माफी मागतेय, हे वर चालायचं नाही. तरी मी भांडेन. पण कायद्यावाले पुरावा मागतील. चित्रण नाही, शाहीर बोलू शकत नाहीत, वह्या बायकोच्या हातच्या पण सांगितल्या नवऱ्यानं असंच गाव म्हणतं. मंडळाचं सहीचं पत्र आणा. नाहीतर भाग जसा आहे तसा जाईल.

करार आला आहे. सोमवारपासून टेबलावर पडून आहे. आई रोज त्याच्यावरची धूळ पुसते आणि काही विचारत नाही.

२ सप्टेंबर, मंगळवार

आज गौरी-विसर्जन. गाव मुंबईहून आलेल्या माणसांनी भरलेलं. मंडळाची जाखडी शाहिरांच्या अंगणातच होती. मध्ये अजिंक्य, गळ्यात ढोलकी नाही, पहिल्यांदाच फक्त गाणारा. शाहीर खुर्चीत. मी कॅमेरा नेला नव्हता.

दोन कवनं झाल्यावर चहाला थांबले तेव्हा मी मंडळाचे अध्यक्ष सखाराम गोताड यांच्यासमोर उभी राहिले. चाळीस वर्षं परळला राहिलेला, साठीचा माणूस, मंडळासाठी राबलेला. पत्राचं बोलले. मग सगळं बोलले, कारण सगळे ऐकायला जमलेच होते. शाहिरांनी काय गायलं, मी ते कसं तोडलं, मूळ चित्रण कुणी उडवायला सांगितलं.

सखारामभाऊंनी शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाले, “बाईसाहेब, वही वयनी लिवायच्या, सांगायचे तात्या. पयल्यापासून बघतोय आमी. तुमच्याकडून गाणा तुटला, त्याची भरपाई करायला तुमी आता वेगळीच गोष्ट आणलीत. टीव्हीला असाच काय तरी लागतं.”

नाचणाऱ्यांतला एक जण म्हणाला, म्हणजे चाळीस वर्षं आपण बाईच्या शब्दांवर पाय आपटले? दोघं-तिघं हसले.

शाहीर खुर्चीतून उठले. छातीवर हात मारला, नाही म्हणून बोट हलवलं, आणि दाराकडे दाखवलं, जिथे काशीबाई चहाचं तबक घेऊन उभ्या होत्या. पुन्हा तेच केलं. तिसऱ्यांदा करताना त्यांना खोकला आला, गळ्यातल्या भोकातून. अजिंक्यनं त्यांना धरून बसवलं.

“तात्यांना बरं नाय,” सखारामभाऊ हळू आवाजात म्हणाले. “त्यांना त्रास देव नका.”

मी तोंड उघडलं होतं. काय बोलणार होते ते आता आठवत नाही. शाहिरांनी माझ्याकडे एकदा पाहिलं आणि मी गप्प राहिले.

मग अजिंक्यनं विषय बदलावा तसं म्हटलं, “काकी, डिसेंबरात परळला सामना लागलाय. समोरची पार्टी मोठी हाय. नवा कवन हवा.” आणि बोलून गेल्यावर त्याच्या लक्षात आलं की आपण कुणाकडे मागितलं. खुर्चीतल्या माणसाकडे नाही. दारातल्या बाईकडे. सखारामभाऊंच्याही लक्षात आलं. सगळ्यांच्याच आलं असावं, कारण कुणी त्याला हटकलं नाही.

काशीबाईंनी तबक खाली ठेवलं.

“देते की. पण शेवटच्या कडव्यात कुणाचं नाव घालू, ता आधी ठरवा.”

आणि कप गोळा करायला लागल्या.

पत्र मिळालं नाही. मुंबईच्या कमिटीसमोर ठेवू, असं सखारामभाऊ म्हणाले. काशीबाई कप उचलत होत्या तेव्हा त्यांच्या हातातलं तबक सखारामभाऊंनी धरलं, हे मी पाहिलं. त्याचा अर्थ काय लावायचा ते मला ठाऊक नाही.

४ सप्टेंबर, गुरुवार

दीपकला सांगितलं, पत्र नाही. म्हणाला, मग भाग तसाच जाईल, ताई, माझ्या हातात नाही. भाग वाहिनीचा आहे, मला अडवता येणार नाही, हे मला त्याच्याहून चांगलं माहीत आहे.

म्हटलं, मग पुढचे बारा मी करणार नाही.

त्यानं समजावलं. पुढच्या एखाद्या भागात सांगा, वर्षभरानं सांगा, पुस्तक लिहा. मी म्हटलं, तो माणूस सहा तारखेला टीव्हीसमोर बसणार आहे आणि तिसऱ्या कडव्यानंतर पुन्हा अंधार होणार आहे, त्यानंतर पुढच्या आठवड्यात तिथेच बसून मी हसून दुसऱ्या कुणाची ओळख करून द्यायची, हे मला जमायचं नाही.

“परत विचारता येणार नाही मला,” तो म्हणाला. चांगला मुलगा आहे.

धैर्य वगैरे नाही हे. संध्याकाळी समुद्रावर गेले, जेट्टीवरच्या एका बाईनं ओळखलं, ‘सूरसकाळवाल्या ना तुम्ही?’ म्हणाली. फोटो काढून घेतला. पुन्हा कधी येणार टीव्हीवर, म्हणाली. बघू, म्हटलं.

आईला सांगितलं तर तिनं करार उचलला, ड्रॉवरमध्ये ठेवला आणि विचारलं, “त्या काशीबाईला सांगितलंस?”

“नाही. त्यांना कशाला?”

“बरं केलंस,” म्हणाली.

६ सप्टेंबर, शनिवार

दाखवला. आम्ही लावला नाही.

१४ सप्टेंबर, रविवार

सकाळी अजिंक्यचा फोन. रात्रपाळी करून कंपनीच्या बसमधून घरी निघाला होता, मागे गाडीचा आवाज.

गेल्या रविवारी परळला कमिटी बसली. दोन तास वाद झाला. एक जण म्हणाला, हे बाहेर कळलं तर समोरची पार्टी स्टेजवर टिंगल करील. दुसरा म्हणाला, मग तू बांध कवन. शेवटी सखारामभाऊ म्हणाले की तात्यांना आपण बोट हलवताना बघितलंय, सगळ्यांनी बघितलंय, आता किती दिवस बरं नाय म्हणायचा? ठराव झाला तो अर्धा. नव्या कवनात वयनींचं नाव येईल. जुनी आहेत तशीच राहतील, तात्यांच्या नावावर.

मी विचारलं, काशीबाईंना हे पटलं?

“काकी म्हणाली, जुनी राहू देत. ती मी त्यांना दिलेली हायत.”

मग म्हणाला, नवं कवन झालंसुद्धा. तिनं शेवटचं कडवं आधी बांधलं. काल पडवीत तात्यांना म्हणून दाखवलं. तात्यांनी काय केलं, ते त्यानं सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

“ऐकताव, मॅडम?”

हो म्हटलं. बस कुठेतरी थांबली असावी, गाडीचा आवाज कमी झाला. त्यानं गायलं नाही, हळू म्हटलं:

वस्तादांच्या पायी माथा, मग हे फिरे रिंगण,
गळा आहे केरूचा, काशी बांधी कवन.

त्याचं म्हणून झालं. बस पुन्हा सुरू झाली, कुणीतरी कुणाला तरी हाक मारली, पावसाचे थेंब टपावर पडल्यासारखे वाजले, आणि मी ऐकत राहिले.

“मॅडम?” तो म्हणाला. “हाव ना लायनीवर?”

“आहे,” म्हटलं.